गोनारू कुठून आला

डोहाखालच्या राज्याची गोष्ट लिहून झाली, मासिकात वर्षभर छापून आली, पोरांनी डोक्यावर घेतली, आणि पुस्तक व्हायच्या वेळी अडली ती शेवटच्या दोन पानांवर. हत्ती गेला आणि शेपूट राहिलं म्हणतात, तशातली गत.

गोष्ट लिहिणारी सुलोचना. पिपरी मेघेहून रोज पायी वर्ध्याला यायची आणि दुसरीच्या पन्नास पोरांना वाचायला शिकवायची. दुपारनंतर पोरं पेंगू लागली की ती पाटी-पुस्तक बाजूला ठेवी आणि डोहाखालचं राज्य सांगू लागे. तिथली माणसं पाण्यात राहत, मासोळ्यांवर बसून बाजाराला जात आणि आपली वेगळीच भाषा बोलत. चंद्राला ती म्हणत गोनारू. दिव्याला म्हणत झिमडी. ज्या दिवशी कोणी कामाला जात नाही तो दिवस थाबा. आणि राणीच्या हातातलं जे फाटकं निशाण पाहून पळणारं सैन्य पुन्हा उभं राही, ते पिरवा. असे चाळीसेक शब्द होते, पण पोरांच्या तोंडी बसले ते हे चार. शाळेत मारामारी जुंपली तरी कोणीतरी ‘आज थाबा हाय’ म्हणे आणि भांडण मिटे.

शब्द कुठून आणले असं कोणी विचारलं की सुलोचना सांगे, मनातले. ते खोटं नव्हतं. बाकीचे शब्द तिनं बसून, खोडून, पुन्हा लिहून जुळवले होते. हे चार मात्र लेखणीतून आपसूक उतरले होते, डोकं खाजवायची वेळही आली नव्हती. त्याचा तिला थोडा अभिमानच होता.

मासिकाचे संपादक अच्युतराव. छापखान्याचे मालक तेच, मुद्रितं तपासणारे तेच, आणि जुळाऱ्यानं दांडी मारली तर खिळे जुळवायला बसणारेही तेच. माणूस सोन्यासारखा, पण संस्कृतचा नाद वाईट. वांग्याच्या भरितातसुद्धा त्यांना एखादं मूळ सापडायचं. त्यांनी ठरवलं की पुस्तकाच्या शेवटी शब्दांची यादी हवी आणि प्रत्येक शब्दापुढे त्याची व्युत्पत्ती हवी. नुसतं ठरवून थांबतील तर ते अच्युतराव कसले. त्यांनी ती लिहिली, जुळवली आणि ओलं मुद्रित सुलोचनेच्या हातात ठेवलं.

गो म्हणजे किरण, नारा म्हणजे पाणी. पाण्यात ज्याचे किरण उतरतात तो गोनारू. थाबा हा स्था धातूवरून. झिमडी आणि पिरवा यांनाही त्यांनी ओढूनताणून देवळाच्या पायरीपर्यंत आणून सोडलं होतं.

“बाई, तुम्ही नकळत संस्कृत लिहिलंत,” ते म्हणाले. ‘तुमच्या मंडळींत हे विरळा’ असंही त्यांच्या ओठावर आलं असावं, पण ते गिळण्याइतके ते सज्जन होते. यादी सुलोचनेच्या नावानं छापायची होती. तिनं वाचून सोमवारी सही करून द्यायची, मंगळवारी यंत्र सुरू.

आता खोटं कशाला बोला, सुलोचना सुखावली. तिच्या बापानं शाळेच्या वऱ्हांड्याबाहेर बसून अक्षरं ओळखली होती. आणि त्याच्या लेकीच्या डोक्यातून निघालेले शब्द थेट संस्कृतात जाऊन बसले म्हणताना ते मुद्रित तिनं घरी जाईपर्यंत तीनदा वाचलं. नवऱ्याला दारातूनच हाक मारली, “मोतीलाल, हे पाहा.” शेजारणीनं पदर तोंडाला लावला. नवऱ्याला नावानं हाक मारणारी बाई त्या आळीत तेवढी एकच होती.

दुसऱ्या दिवशी इतवार होता. सुलोचना मोटारीनं अल्लीपूरला गेली, मोठ्या मायकडे.

मोठी माय म्हणजे तिच्या बापाच्या एका मोठ्या भावाची बायको, जिजाबाई. सुलोचनेची आई बाळंतपणातच गेली. बाप पुलगावच्या गिरणीत. तेव्हा दिवसाच्या पोरीला जिजाबाईनं उचललं आणि सात वर्षं अल्लीपूरला वाढवलं. पुढे बापानं दुसरं लग्न केलं आणि पोरीला शाळेसाठी पुलगावला नेलं. जिजाबाई हे नाव सुलोचनेला कळलं तेही मोठेपणी, रेशनकार्डावर. घरात आणि गावात तिला सगळे माहेरच्या गावावरून नाचनगाववाली म्हणत.

आंबेडकरी वस्तीतलं ते दोन खणांचं घर. दीक्षा घेऊन सव्वा वर्ष झालं होतं. देव्हाऱ्याची जागा रिकामी होऊन तिथे बुद्धाचं चित्र आलं होतं, आणि जिजाबाई पंचावन्नाव्या वर्षी समाजमंदिरातल्या वर्गाला जाऊन अक्षरं गिरवत होती. मोठे बाबा ओट्यावर दोर वळत बसले होते. जिजाबाई चुलीपुढे कपाशीची पऱ्हाटी मोडून घालत होती. सुलोचना आली की आळीतली पोरं गोष्टीसाठी गोळा व्हायचीच. तिनं मासिकाचा शेवटचा अंक उघडला आणि वाचू लागली. ‘राणीनं झिमडी उचलली आणि ती अंधारात शिरली.’

“झिमडी मंजे काय?” एका पोरीनं विचारलं.

“दिवा,” चुलीपुढून मोठी माय म्हणाली.

सुलोचनेला वाटलं, अंक वाचला असेल. पण मोठी माय अजून बाराखडीत होती. जोडाक्षर आलं की तिची गाडी रुतायची. सुलोचनेनं पुढचं पान न वाचता नुसतं विचारलं, गोनारू म्हणजे काय?

मोठ्या मायनं हातातली पऱ्हाटी खाली ठेवली. “चांद,” ती म्हणाली. “तुले कोनं सांगतले हे?”

मग सुलोचनेला आठवलं. एकदम, आणि सगळं. पुलगावच्या शाळेतला पहिला आठवडा. गुरुजींनी फळ्यावर गोल काढून विचारलं, हे काय? सगळ्यांच्या आधी हात वर करून ती म्हणाली, गोनारू. सगळा वर्ग हसला, गुरुजीही हसले, आणि पुढे महिनाभर तिचं नावच गोनारू पडलं. घरात जे बोलतात तेच जगात बोलतात, एवढंच त्या सात वर्षांच्या पोरीला ठाऊक होतं. त्या दिवसापासून तिनं ते शब्द असे गिळले की स्वतःलाही सापडू नयेत. वीस वर्षांनी ते वर आले आणि ती त्यांना आपलं डोकं समजून बसली.

पोरांना तिनं खेळायला लावून दिलं आणि मोठ्या मायपुढे बसली. मोठी माय सांगू लागली. आवाज चढला नाही, पण चुलीकडे पाहतच सांगत होती.

ती या घरात आली बारा वर्षांची. सासऱ्याचं नाव चांदोजी, म्हणून तिला चांद म्हणायची बंदी. नवऱ्याचा थोरला भाऊ, म्हणजे हिचा भासरा, दिवाळू, म्हणून दिवा नाही आणि दिवाळीही नाही. दुसरा भासरा चिंधू. जन्मलेली पोरं जगत नव्हती म्हणून आईनं दृष्ट लागू नये असं नाव ठेवलं, आणि त्यापायी हिला घरातल्या चिंधीला चिंधी म्हणता येईना. नवऱ्याचं नाव जन्मदिवसावरून पडलेलं, तेव्हा आठवड्यातला एक दिवसच तोंडातून गेला. सून म्हटली की सासरच्या वडीलधाऱ्यांची नावं घ्यायची नाहीत, आणि नावाशी मिळता शब्दही नाही. ही रीत साऱ्या मुलखाची. पण हिच्या सासरी नावंच अशी निघाली की बोलायला शब्द उरेनात.

“पहिल्या वर्षी कोजागरीले मी म्हनली, चांद किती मोठा हाय आज. सासूनं हातातली भाकर काढून घेतली. दोन दिवस नाई देली.”

मग पोरीनं आपले शब्द केले. माहेरी एक पांढरा बैल होता, तिच्या हातचं पाणी पिणारा. त्याचं नाव गोनारू. चांद दिसला की तिला तो आठवायचा, म्हणून चांदाला तिनं बैलाचं नाव दिलं. वाऱ्यात दिवा झिमझिम करायचा, त्याची झाली झिमडी. इतवारी मालकाच्या वावरात मजुरी थांबायची, तो थाबा. चिंधीला म्हणायचा पिरवा कुठून आला ते मात्र तिलाही सांगता येईना. तोंडात आला, एवढंच.

सुलोचनेनं पिशवीतल्या मुद्रिताची घडी आणखी लहान केली. किरण, पाणी, स्था धातू. नाचनगावचा एक पांढरा बैल त्या सगळ्यांना शिंगावर घेऊन उभा होता.

तिला हसू आलं आणि त्याच घटकेला रडूही आलं. तिनं मासिक पुढे केलं आणि सांगितलं की हे शब्द आता पुस्तकात येणार आहेत, गावोगावची पोरं म्हणणार आहेत. तिला वाटलं, मोठी माय हरखून जाईल. मोठी माय उठून उभी राहिली.

“खोडून टाक ते,” ती म्हणाली.

“काऊन?”

“ते शब्द मी बनवले नाई, सुले. माह्याकडून बनवून घेतले. ते माह्या तोंडावरचं फडकं होतं. नागपूरहून दीक्षा घेऊन आलो तं मी त्या अंगनात उभी राहून पह्यले चांद म्हनली. मोठ्यानं. लोक म्हने, बाई येडी झाली. आन् तू तेच फडकं धुऊन छापून राह्यली?”

ओट्यावरचा दोर वळायचा थांबला. या बाबतीत मोठ्या बाबांनी बोलावं तरी काय. मोठ्या मायनं दीक्षेनंतर सासऱ्याचं नाव घेतलं, दोन्ही भासऱ्यांची घेतली, पण नवऱ्याचं काही केल्या जिभेवर येईना. अजून ते ‘अवो’ होते, नाहीतर ‘सुलीचे मोठे बाबा’. चाळीस वर्षांची सवय एका पावसाळ्यात धुऊन निघत नाही.

सुलोचनेनं शब्द खोडले तर गोष्टच राहणार नव्हती. राणी निशाणाशिवाय लढणार कशी? आणि ठेवावे तर ज्या बाईनं तिला जगवलं तिच्या दुखऱ्या जागेवर ती पाय देऊन उभी राहणार होती. अच्युतरावांच्या यादीवर सही ठोकून मोकळं व्हावं, म्हणजे कोणालाच काही कळणार नाही, असंही एकदा मनात आलं. त्याची तिला लगेच लाज वाटली.

“मले फडकं नाई ठाऊक, मोठे माय,” शेवटी ती म्हणाली. “आई नव्हती. मी रडत होती तं तू कडेवर घेऊन गोनारू दाखवत होती. मले तेवढंच ठाऊक. तुह्याजवळ दुसरे शब्द नव्हते तं तू मले तेच देले, आन् मी त्याच्यावरच जगली. पन तू नाई म्हनली तं खोडतो.”

मोठी माय चुलीकडे वळली. तिनं भाकरी केल्या, वाढल्या, सुलोचनेच्या भाकरीवर तेलाची धार सोडली. पोरगी भांडली तरी तेल सोडायचं चुकलं नाही. मोटारीची वेळ झाली तशी ती सुलोचनेला पोचवायला निघाली, आणि अर्ध्या वाटेवर, कोणाच्या तरी तुरीच्या वावरापाशी थांबली.

“ठेव,” ती म्हणाली. “पन अर्धं नोको लिहू. कोनाच्या नावापायी कोनता शब्द, ते पुरतं लिहिजो. सासऱ्याचं नाव लिही, भासऱ्याईचं लिही. बैलाचंही लिही. गरीब होता.”

“आन् मोठ्या बाबाचं?”

मोठी माय वावराकडे पाहत राहिली. “तेही,” ती म्हणाली. “लिहाले काय जाते.”

“आन् तुह्यं नाव?”

यावर मात्र ती हसली. तिचं नाव कशाला, असं तिचं म्हणणं. पण मोटार हलली तेव्हा खिडकीपाशी येऊन तिनं विचारलंच, जिजाबाईतल्या ‘जि’ला वेलांटी पहिली देतात की दुसरी? सुलोचनेनं सांगितलं, पहिली.

सोमवारी शाळा सुटल्यावर सुलोचना छापखान्यात गेली. एका ताव कागदावर तिनं नवी यादी लिहून आणली होती. अच्युतरावांनी चष्मा लावला, पहिली ओळ वाचली आणि त्यांच्या कपाळाला आठी पडली. ‘गोनारू: चांद. अल्लीपूरच्या जिजाबाईंच्या सासऱ्यांचं नाव चांदोजी. त्यामुळे त्यांना चांद म्हणता येत नसे. माहेरच्या पांढऱ्या बैलाचं नाव त्यांनी चांदाला दिलं.’ ते पुढे वाचत गेले. सुलोचना उभीच होती. तिनं मनाशी ठरवलं होतं की हे म्हणाले बैल काढा, तर पुस्तक उचलून घरी न्यायचं.

अच्युतरावांनी कागद खाली ठेवला, चष्मा काढून धोतराच्या सोग्यानं पुसला, पुन्हा लावला, पुन्हा काढला.

“माझ्या वडिलांचं नाव कृष्णाजी,” ते म्हणाले. “आई आरती म्हणायची, आणि कृष्णाचं नाव आलं की त्या जागी खोकायची. रोज. आम्हा भावंडांना वाटायचं, तिला दमा आहे. मी वैद्याकडून काढासुद्धा आणला होता. आणि तिनं तो मुकाट्यानं घेतला हो.”

मग ते उठले, आपल्या दोन पानांची जुळणी दगडावर घेतली आणि स्वतःच्या हातानं सोडू लागले. एकेक खिळा पेटीतल्या आपापल्या घरात परत गेला. गेलं आमचं पांडित्य पाण्यात, असं मध्ये एकदा पुटपुटले, पण त्यात राग नव्हता. शेवटी त्यांनी विचारलं की यादीच्या वर काही लिहायचं आहे का. सुलोचनेनं तिथेच उभ्यानं एक ओळ लिहून दिली.

पुस्तक आलं ते उन्हाळ्यात. कोऱ्या कागदाचा आणि शाईचा वास येणारी पहिली प्रत घेऊन सुलोचना इतवारी अल्लीपूरला गेली. आळीतली पोरं आधीच जमली होती. मोठ्या मायनं हात धुतले, पदराला पुसले, पुस्तक मांडीवर घेतलं आणि चित्रं ओलांडून शेवटची पानं काढली. पहिली ओळ तिनं बोट ठेवून, जोडाक्षरांना ठेचाळत वाचली.

‘हे शब्द अल्लीपूरच्या जिजाबाईंनी केले. ज्या पोरीला त्यांनी ते दिले, ती त्यांची ऋणी आहे.’

आपलं नाव तिनं दोनदा वाचलं. सुलोचना बाहेर पाहू लागली. जगात कित्येक माणसं बोलायला शिकवणाऱ्या माणसाचं नावही न घेता मरून जातात; तिला ते घेता आलं, आणि छापून घेता आलं, याचं तिला फार फार बरं वाटलं.

मोठी माय पुढे वाचत होती. गोनारूजवळ ती बैलासाठी थांबली, चांदोजीचं नाव तिनं पोरांकडे पाहत मोठ्यानं घेतलं. झिमडी झाली, दिवाळू झाला. पिरवा झाला, चिंधू झाला. मग तिचं बोट थाबावर आलं.

“थाबा. इतवार,” तिनं वाचलं. “जिजाबाईच्या नवऱ्याचं नाव...”

बोट पुढे गेलं आणि तिथेच राहिलं. पोरांना वाटलं, अक्षर अडलं. एकानं सांगायला तोंड उघडलं तर सुलोचनेनं त्याच्या गुडघ्यावर हात ठेवला. ओट्यावर मोठे बाबा दोर वळत होते. पाठ इकडे होती.

“इ,” मोठी माय म्हणाली. “त. वा. री.” आणि मग चारही अक्षरं एका दमात, स्वच्छ, जशी वर्गात म्हणायला शिकवतात तशी. “इतवारी.”

“ओ,” ओट्यावरून आवाज आला.

मान वळवली नव्हती, हात थांबला नव्हता. कोणी नावानं हाक मारली की माणूस ओ देतो, तशीच ती ओ होती. मग मात्र दोर त्यांच्या हातून सुटला. ते वळले आणि बायकोकडे पाहत राहिले.

“पाह्यजे होतं काय काई?” त्यांनी विचारलं.

“काई नाई,” जिजाबाई म्हणाली. तिचे डोळे भरले होते आणि तोंडभर हसू होतं. “वाचून राह्यली.”

म्हातारा गुडघ्यावर हात टेकून उठला आणि तिच्याजवळ येऊन बसला. कुठं हाय, दाखव, म्हणाला. त्याला एकही अक्षर येत नव्हतं. जिजाबाईनं त्याचं बोट धरलं आणि पानावर ठेवलं.